मकराचं मुख

महादेवाच्या देवळाला प्रदक्षिणा घालताना उत्तरेच्या भिंतीशी पाय थबकतात. गाभाऱ्यातलं अभिषेकाचं पाणी तिथून बाहेर पडतं. कुठं गोमुखातून, कुठं मकरमुखातून. या मकराला हत्तीची सोंड, मगरीचा जबडा, माशाचं अंग, आणि शेपूट तर मागं मागं वेलबुट्टीच होऊन गेलेली. असा प्राणी कुठल्या समुद्रात नाही की नदीत नाही. तरी वरुणाचं वाहन तोच, गंगेचंही तोच. वेरूळच्या एकविसाव्या लेण्यात दर्शनी बाजूलाच गंगा त्याच्या पाठीवर उभी आहे. मदनाच्या ध्वजावर तो आहे, आणि पंढरीच्या विठ्ठलाच्या कानांतही त्याचीच कुंडलं.

मला नवल वाटत आलं ते त्याच्या तोंडाचं. गिळण्यासाठीच घडवल्यासारखा तो जबडा. पण शिल्पी त्यातून वेली काढतात, मोत्यांच्या माळा काढतात, चिमुकली माणसं काढतात. समोरासमोर बसलेल्या दोन मकरांच्या मुखांतून निघालेलं तोरण देवाच्या डोक्यावर कमान धरतं. ज्याच्या पोटात सगळं जायचं, त्याच्याच तोंडून सृष्टी बाहेर येते, हे त्या कारागिरांना कुठून सुचलं असेल?

याचं उत्तर कृष्णाकाठी मिळतं, असं मला वाटतं. महाबळेश्वराहून निघालेली कृष्णा वाईवरून येते, माहुलीला वेण्णेला घेते, कऱ्हाडला कोयनेला सामोरी भेटते आणि सांगली जिल्ह्यात शिरली की संथ होते. औदुंबर, भिलवडी, ब्रह्मनाळ, दिग्रज या टापूत तिचे डोह खोल आहेत, आणि त्या डोहांत मगरी आहेत, खऱ्या. थंडीच्या सकाळी मळईच्या रानाखाली, काठावर तोंड उघडं टाकून उन्हाला पडलेली मगर इथल्या शेतकऱ्याला नवी नाही.

उन्हाळ्याच्या तोंडाला मादी काठाच्या मऊ मातीत, वाळूत खड्डा उकरून पंचवीस-तीस अंडी घालते. पिल्लं नर होणार की मादी, हे त्या मातीची ऊब ठरवते. दोनेक महिन्यांनी आतून पिल्लांचा आवाज आला की ती माती उकरते आणि पिल्लं तोंडात घेऊन पाण्यात नेऊन सोडते. म्हशीची मांडी फोडणारे तेच दात, आणि त्यांच्या मध्ये वीतभर पिल्लू सुखरूप. कुण्या जुन्या पाथरवटाच्या पूर्वजानं हे काठावरून श्वास रोखून पाहिलं असणार, अशी माझी मनोमन खात्री आहे. पुरावा काही नाही. पण मकराच्या तोंडातून बाहेर येणारं ते चिमुकलं माणूस मला दुसऱ्या कशानं उलगडत नाही.

मोठा शिकारी डोहात असला की डोहाची घडीच वेगळी असते. वाहून आलेलं मेलेलं जनावर तो संपवतो, दुबळा मासा उचलतो. माणसांवरही त्याची सत्ता चालते, ती जलदेवतांच्या नावानं. सातारा-सांगलीकडं डोहाच्या काठी साती आसरांचे हळदी-कुंकवानं माखलेले सात दगड असतात. बायका तिथं खणानारळानं ओटी भरतात आणि तिन्हीसांजेला पोरांना तिकडं फिरकू देत नाहीत. आसराही कुणी पाहिलेल्या नाहीत. पण त्यांच्या धाकानं कित्येक डोह दिवस मावळल्यावर माणसांपासून मोकळे राहिले, आणि ती वेळ पाण्यातल्या जिवांची झाली.

आता धाक उरला आहे, ओटीमागचा भाव उरलेला नाही. वाळू उपशानं काठ पोखरले, अंडी घालायची जागा गेली. अलीकडच्या वर्षांत सांगलीजवळ कृष्णेत मेलेल्या माशांचे खच तरंगले. २०१९ च्या ऑगस्टमध्ये आयर्विन पुलापाशी पाणी ५७ फुटांवर चढलं. अशा पुरात नदी वस्तीत शिरते आणि नदीतला जीवही तिच्याबरोबर येतो. मगरींच्या तोंडी काठच्या गावांनी पोरं गमावली आहेत. अशा एखाद्या आईसमोर मगरीला अभय देणारं १९७२ च्या वन्यजीव कायद्याचं कलम वाचायला कुणाची जीभ रेटेल? माझी नाही रेटणार. मगरीवर माझी माया आहे, पण ती त्या घराच्या दुःखावरून चालत जाणारी नको.

गोव्यात फोंड्याकडच्या दुर्भाट, भोम या भागात पौषात शेतकरी ओल्या चिखलाची मगर थापतात आणि तिची पूजा करतात. खाडीच्या खाऱ्या पाण्याला अडवणारे बांध शाबूत राहावेत, शेत वाचावं, म्हणून. त्या पाण्यात खऱ्या मगरी आहेतच. तरी बांधावर उभं राहून माणसं भीतीला मातीचा आकार देतात आणि तिच्याकडंच राखण मागतात. मकर कोरणाऱ्याची बुद्धी मला त्या चिखलातल्या हातांत दिसते.

कृष्णाकाठीही ती बुद्धी परत यावी असं फार वाटतं; पण नुसत्या पूजेनं भागायचं नाही. अंडी मातीत असतात ते दोन-तीन महिने मगरींचे चार काठ कुणी उकरू नयेत. धुण्याच्या आणि अंघोळीच्या घाटांना पाण्यात भक्कम जाळी हवी. आणि शेतीची वीज दिवसा मिळावी, म्हणजे मोटार चालू करायला मध्यरात्री एकट्या माणसाला बॅटरी घेऊन नदीत उतरावं लागणार नाही.