इंदापूरची गढी, बारामतीचा वाडा

मैत्रिणींनो, ‘किल्ला बघायला चला’ म्हटलं की आपल्यातल्या निम्म्याजणींचे गुडघे आधीच दुखायला लागतात. सिंहगड काय, पुरंदर काय, सगळं चढणीचं काम. डोक्यावर ऊन, खांद्याला पाण्याची पिशवी आणि वर टेकतोय न टेकतोय तोच ‘आई, भूक लागली!’ हे ठरलेलं. म्हणून यंदा तुम्हांला अशा दोन गावांना नेते, जिथं डोंगर नाहीच. सपाट मुलूख. पण आपल्याकडच्या लढाया कशा बदलत गेल्या हे तिथं जितकं नीट उमगतं, तितकं मला एकाही गडावर उमगलं नव्हतं.

इंदापूर आणि बारामती, दोन्ही पुणे जिल्ह्यातच. पुण्याहून सोलापूर रस्त्यानं निघा, भिगवण मागं पडलं की इंदापूर येतं. तिथून पन्नासेक किलोमीटरवर बारामती. परतताना मोरगाव-जेजुरीवरून या, म्हणजे देवदर्शन होतं आणि घरच्या वडीलधाऱ्यांनाही कुरकुर करायला जागा राहत नाही. जायचं ते थंडीत, हुरड्याच्या दिवसांत. हुरड्याचं आणखीही एक कारण आहे, ते पुढं सांगते.

वाटेत दोन्ही बाजूंना ऊसच ऊस दिसेल. तो क्षणभर डोळ्यांआड करा. नीरेचा डावा कालवा आला १८८० च्या दशकात, उजनीचं धरण तर १९८० च्या सुमाराचं. त्याआधी इथं ज्वारी आणि गवताची कुरणं. एका अंगाला भीमा, दुसऱ्या अंगाला नीरा आणि मध्ये हा उघडा मुलूख. शत्रू आला तर लपायला डोंगर नाही, आडोशाला रान नाही. आल्या फौजेनं उभं पीक कापून घोड्यांना घालायचं आणि बायाबापड्यांनी कणग्यांत उरलंसुरलं वाचवायचं.

इंदापूरला पोचलात की गढी विचारा. मालोजीराजांची गढी म्हटलं की कुणीही दाखवतं. ‘किल्ला’ शब्द मनात धरून गेलात तर हिरमोड होईल. गढी म्हणजे उंचवट्यावरचं, जाड भिंतींचं, बुरुजांचं राहतं घर. दरोडेखोर, एखादी टोळी यांना थोपवायला ठीक, मोठ्या फौजेपुढं तिचा काय टिकाव लागणार? मालोजीराजे भोसले म्हणजे शिवाजीमहाराजांचे आजोबा, निजामशाहीचे सरदार. सुमारे १६०६ साली आदिलशाही फौजेशी लढताना ते इथंच, इंदापुरात पडले. त्यांच्या पत्नी उमाबाई फलटणच्या निंबाळकरांच्या लेक, म्हणजे माहेर नीरा ओलांडली की आलंच. पदरात शहाजी आणि शरीफजी ही दोन लहान मुलं. नगरच्या शाह शरीफ पिराच्या नवसानं झालेली म्हणून ही नावं. पुढं दीर विठोजींनी त्या मुलांना वाढवलं.

त्या काळची लढाई बहुतेक अशीच. दोन फौजा समोरासमोर येणार, भिडणार आणि एका बाजूचा नायक पडला की त्याची फौज पांगणार. सगळा भार एका माणसावर. गढीच्या उंचवट्यावर उभं राहून चहूकडं नजर टाका. एवढ्या मोकळ्या रानात जो जास्त माणसं आणि जास्त घोडी आणेल तोच जिंकणार, हे आपल्यालाही कळतं.

मग हे बदललं कसं? पहिला बदल केला मलिक अंबरानं. निजामशाहीचा हा हबशी वजीर मोठ्या फौजेच्या अंगावर जाईच ना. तिची रसद तोडायची, वाटा अडवायच्या आणि ती उपाशी, थकलेली झाली की घाला घालायचा. १६२४ साली नगरजवळ भातवडीला त्यानं मोगल आणि आदिलशाही या दोघांच्या एकत्र फौजेचा असाच धुव्वा उडवला. शहाजीराजे त्या लढाईत होते. धाकटे शरीफजी तिथंच पडले. उमाबाईंच्या घरचा हा दुसरा घाव.

आणि इथंच या सपाट मुलखाचं महत्त्व येतं. गड सह्याद्रीत, हे खरं. पण गड काही धावत नाही. धावतो घोडा आणि घोडा भीमेकाठचा. भीमथडीची तट्टं म्हणून त्यांचं नाव होतं. (बारामती तालुक्यालाही पूर्वी भीमथडी तालुकाच म्हणत.) दिसायला बेतास बात, अंगानं बुटकं, पण काटक. अरबी-इराणी घोड्याला दाणा हवा, चंदी हवी, मोतद्दार हवा. आपलं तट्टू कडबा नि गवतावर दिवस काढतं आणि खडकाळ वाटेनंही चालतं. आपल्याकडच्या सासुरवाशिणीसारखंच म्हणा ना! मराठी घोडदळाचं सगळं बळ या कमी खाण्यात होतं. धनगरांनी ही जात अजून जपलीय, आणि २०२४ मध्ये तिची स्वतंत्र जात म्हणून सरकारी नोंदही जाहीर झाली.

या घोड्यांची काळजी शिवाजीमहाराज कशी घेत, ते त्यांच्या एका पत्रात दिसतं. १६७० च्या दशकातलं, चिपळूणच्या बाजूला पावसाळ्यासाठी थांबलेल्या घोडदळाच्या अधिकाऱ्यांना लिहिलेलं. त्यात तलवारीची भाषा नाही. दाणा आणि गवत आत्ताच उधळलंत तर पावसाळा सरेतो काय घालाल? रयतेच्या घरचा दाणा, भाजी, लाकूडफाटा फुकट उचलू नका, बाजारातून विकत घ्या. आणि रात्री दिवा जळता ठेवून झोपू नका, उंदीर पेटती वात ओढून नेईल, गवताला आग लागेल आणि घोडी मरतील, असा त्याचा आशय. वाचताना वाटतं, एखादी जाणती सासू नव्या सुनेला कोठीघराच्या किल्ल्या देतेय. एवढा मोठा राजा आणि त्याला उंदरानं नेलेल्या वातीची फिकीर! मला विचाराल तर महाराजांचं युद्धशास्त्र कळायला हे एक पत्र पुरे आहे.

आता बारामती. कऱ्हेच्या काठी बाबूजी नाईकांचा वाडा आहे, बुरुजाबिरुजांचा, किल्ल्यासारखा. पुढं बरीच वर्षं त्यात सरकारी कचेऱ्या होत्या. वाड्यासमोर उभ्या राहिलात की १७२८ च्या सुरुवातीचं चित्र डोळ्यांसमोर आणा. निजाम पुण्यात शिरला आणि पाटस, सुपे असं करत आपला जंगी तोफखाना घेऊन बारामतीपर्यंत आला. बाजीराव पेशवे इथं नव्हतेच! ते उत्तरेकडं निजामाच्याच मुलखात घुसले होते. इथं तोफांशी टक्कर घेण्यापेक्षा त्याच्या घरालाच हात घालावा, हा त्यांचा डाव. झालं, निजामाला माघारी धावावं लागलं. बैलांनी ओढायच्या तोफा, मागं बाजारबुणगे, त्यात भराभर चालायची घाई. गोदावरीच्या खोऱ्यात पालखेडला तो अशा जागी सापडला की पाणीसुद्धा मिळेना. फेब्रुवारी संपता संपता तो तहाला आला आणि मार्चमध्ये मुंगी-शेवगावचा तह झाला. दुसऱ्या महायुद्धातले इंग्रज सेनापती माँटगोमेरी यांनी युद्धांचा इतिहास लिहिला, त्यात त्यांनी या पालखेडच्या मोहिमेला मोठी दाद दिलीय.

बाजीरावांची एक गोष्ट सांगतात. निजामानं आपल्या चिताऱ्याला सांगितलं, जसा दिसेल तसा त्याला काढून आण. चिताऱ्यानं आणलेल्या चित्रात पेशवे घोड्यावर होते, लगाम सैल सोडलेला, भाला खांद्याला आणि दोन्ही हातांनी ज्वारीची कणसं चोळून दाणे तोंडात टाकताहेत. आता कळलं, हुरड्याच्या दिवसांत का जायचं ते? शेताच्या बांधावर बसून कणीस तळहातावर चोळा. ज्या फौजेचा स्वयंपाक एवढाच, तिला गाठायचं कुणी?

पण दाणे शेतातून मिळाले तरी पगार कुठून आणायचा? घोडा स्वतःचा असलेला तो शिलेदार. घोडा मेला की त्याच्या घराचं भांडवलच गेलं. त्याला पैसा वेळेवर हवा, आणि लुटीचा, खंडणीचा पैसा यायचा सवडीनं. मधली तोंडमिळवणी सावकार करी. असेच एक सावकार म्हणजे हे बारामतीचे नाईक. बाजीराव त्यांचे मोठे देणेकरी. आणि गंमत अशी की बाजीरावांची सख्खी बहीण भिऊबाई याच घरात दिलेली, बाबूजींचे बंधू आबाजी नाईक यांना.

एप्रिल १७४० मध्ये नर्मदेकाठी रावेरखेडीला बाजीराव वारले. मागं विशीच्या आतबाहेरचा मुलगा नानासाहेब. बाबूजी नाईकांनी नागपूरकर रघूजी भोसल्यांच्या पाठिंब्यावर स्वतःच पेशवेपद मागितलं, शाहूमहाराजांना भला मोठा नजराणा देऊ केला. महाराजांनी ते जूनमध्ये नानासाहेबांनाच दिलं. मग नाईकांनी आपल्या पैशाचा तगादा लावला. ग्रँट डफ हा इंग्रज इतिहासकार लिहितो की त्यांनी पेशव्यांकडं धरणं धरलं. धरणं म्हणजे सावकारानं दारात उपाशी बसायचं, आणि तो उठेपर्यंत आतल्यांनीही जेवायचं नाही. घरात चूल पेटायची नाही! अखेर पेशव्यांचे दिवाण महादोबा पुरंदरे त्या कर्जाला उभे राहिले, तेव्हा सुटका झाली.

आता भिऊबाईंच्या जागी स्वतःला ठेवून बघा. भाऊ नुकताच गेलेला. भाच्याच्या दारात सासरचं माणूस धरणं धरून बसलेलं. माहेर कर्जात बुडालेलं आणि ते कर्ज सासरचं. माहेरची बाजू घ्यावी तर सासरचा पैसा बुडतो, सासरची घ्यावी तर भाच्याचं ताट रिकामं. आपल्याकडं दोन घरांत पाच-दहा हजारांची देवघेव झाली तर लेकीसुनेची काय दैना होते, हे आपल्याला काय सांगायला हवं? पालखेडच्या धड्याशेजारी हेही मुलांना सांगा.

नानासाहेबांच्याच काळात पानिपत झालं आणि तिथं सगळं उलटं घडलं. या वेळी जड तोफखाना आपला होता. इब्राहिमखान गारद्याच्या त्या तोफा, त्याची कवायती पायदळं, झकासच होती. पण सोबत यात्रेकरू, बायकामुलं, बाजारबुणगे. खुद्द सदाशिवरावभाऊंच्या पत्नी पार्वतीबाई बरोबर होत्या. महाराजांच्या फौजेत तर बायकांना नेण्याची सक्त मनाई असे. अब्दालीनं रसदीच्या वाटा बंद केल्या. रसद पाठवणारे गोविंदपंत बुंदेले डिसेंबरात मारले गेले. १४ जानेवारी १७६१ ला आपली माणसं लढायला निघाली ती उपासमारीला कंटाळून. निजामावर जो डाव टाकला, तोच तेहतीस वर्षांनी आपल्यावर उलटला. त्यानंतर महादजी शिंद्यांनी फिरंगी अधिकारी ठेवून कवायती पलटणी उभ्या केल्या, पण त्यांचाही १८०३ साली असईला पराभव झाला. तट्टांचे दिवस संपले.

वाड्यातून निघालात की मोरोपंतांचं ठिकाण विचारा. आर्याकर्ते मोरोपंत मूळचे पन्हाळ्याचे, पण चाळीसेक वर्षं, १७९४ मध्ये जाईपर्यंत, इथंच राहिले आणि बाबूजी नाईकांच्या आश्रयानं लिहीत राहिले. अख्खं महाभारत त्यांनी आर्यांत आणलं. ज्या गावच्या पैशावर लढाया चालल्या, त्याच गावात कुरुक्षेत्र मराठीत लिहून झालं. महाभारतात युद्ध आटोपल्यावर स्त्रीपर्व येतं, रणांगणात आपापली माणसं शोधत फिरणाऱ्या बायकांचं. ग्रंथालयातून मोरोपंतांचं आर्याभारत मिळालं तर आधी तेच उघडा.

आणि हो, दुपारनंतर निघणार असाल तर मोरगावला दर्शनाला गर्दी असते, हे धरून चाला. डब्यात भाकरी आणि शेंगदाण्याची चटणी घ्या. दोन दिवस टिकते, वाटेत कुठंही सोडता येते.