‘प्रेझेंटली’ म्हणजे नेमके केव्हा?

जुन्या इंग्रजीतील जे शब्द पूर्णपणे मृत झाले आहेत, ते इतिहासाच्या विद्यार्थ्याला फारसा त्रास देत नाहीत. ‘फॉरसूथ’ किंवा ‘व्हायलम’ समोर आला की आपण थबकतो, कोश उघडतो, अर्थ टिपून घेतो आणि पुढे जातो. खरा अपाय होतो तो ओळखीचा चेहरा घेऊन येणाऱ्या शब्दांमुळे. त्यांच्यापाशी आपण थांबतच नाही.

आजचा धागा अशाच एका क्रियाविशेषणाविषयी आहे. शब्द आजही रोजच्या वापरात आहे. त्याचा एक अर्थ मात्र काळाआड गेला आहे. आणि सतराव्या शतकातील कागद वाचताना नेमका तोच गेलेला अर्थ हवा असतो.

शब्द आहे ‘प्रेझेंटली’.

सी. एस. लुईस यांना बहुतेक जण नार्नियाच्या गोष्टींमुळे ओळखतात. पण ते मुळात जुन्या इंग्रजी साहित्याचे अभ्यासक. ‘स्टडीज इन वर्ड्स’ (१९६०) या पुस्तकात त्यांनी शब्दाच्या ‘धोकादायक अर्था’ची कल्पना मांडली आहे. शब्दाचा आज रूढ असलेला अर्थ जुन्या वाक्यातही बऱ्यापैकी बसून जातो, वाक्य निरर्थक होत नाही, म्हणून वाचकाला शंका येत नाही. आणि तो निश्चिंतपणे चुकीचे वाचत राहतो. वाक्य अडले असते तर बरे झाले असते, असा हा प्रकार.

‘प्रेझेंटली’च्या बाबतीत असे अर्थ एक नव्हे, दोन आहेत. भारतात शिकलेल्या आपल्यासारख्यांना त्याचा अर्थ ‘सध्या’ असा ठाऊक असतो. इंग्लंडमधील सुशिक्षित वाचकाला, विशेषतः कादंबऱ्यांवर पोसलेल्या, तो ‘थोड्या वेळाने’ असा वाटतो. १६०० च्या सुमाराचा लंडनकर मात्र तो बहुतेक वेळा ‘ताबडतोब, या क्षणी’ या अर्थाने वापरत होता.

मुळात लॅटिन ‘प्रेसेन्स’ म्हणजे समोर असलेला, हजर. तो फ्रेंचमार्गे इंग्रजीत आला आणि पुढे त्याला ‘ली’ हा प्रत्यय लागून क्रियाविशेषण झाले. जे हजर आहे त्याच्याशी जोडलेली वेळ म्हणजे आत्ताची वेळ. तेथून दोन वाटा फुटतात: ‘आत्ताच्या काळात’ आणि ‘आत्ताच्या आत्ता’. दुसरी वाट सोळाव्या आणि सतराव्या शतकांत राजमार्ग झाली. पहिली सतराव्या शतकानंतर इंग्लंडच्या साहित्यिक भाषेतून जवळजवळ नाहीशी झाली. पण स्कॉटलंडमध्ये आणि काही बोलींत टिकली, पुढे अमेरिकेत बळावली, आणि आज भारतीय इंग्रजीत तर तिचेच राज्य आहे. मला एका कार्यालयातून शिष्यवृत्तीसंबंधी पत्र आले होते: अर्ज ‘प्रेझेंटली’ विचाराधीन आहे. तिन्ही अर्थ लावून पाहिले. त्यांतला शेक्सपिअरच्या काळातला सर्वांत आशादायक होता.

शेक्सपिअरच्या ‘टेम्पेस्ट’मध्ये या शब्दाचा जुना अर्थ डोळ्यांसमोर घडतो. चौथ्या अंकात प्रॉस्पेरो आपल्या सेवक पिशाच्चाला, एरियलला, एक काम सांगतो. एरियल उलट प्रश्न विचारतो, तो केवळ या एका शब्दाचा. उत्तर येते, त्याचा आशय असा की हो, पापणी लवते न लवते तोच. ‘थोड्या वेळाने’ हा अर्थ येथे उभाच राहू शकत नाही. शंभर योजने क्षणात ओलांडणाऱ्या सेवकाला ‘सावकाश केले तरी चालेल का’ असे विचारण्याचे कारण नाही.

याहून बोलके उदाहरण १६११ च्या इंग्रजी बायबलमध्ये आहे. मत्तयाच्या शुभवर्तमानात, एकविसाव्या अध्यायात, येशू एका निष्फळ अंजिराच्या झाडाला शाप देतो आणि ते वाळून जाते. केव्हा? भाषांतरकारांनी येथे ‘प्रेझेंटली’ योजला. मूळ ग्रीक शब्द ‘पाराख्रेमा’ आहे आणि त्याचा अर्थ ‘तत्क्षणी’ असाच होतो. आता हीच कथा मार्कच्या शुभवर्तमानात, अकराव्या अध्यायात पाहा. तेथे शाप एके दिवशी दिला जातो आणि झाड मुळापासून वाळल्याचे शिष्यांना दुसऱ्या दिवशी सकाळी दिसते. दोन वृत्तांतांत उघड तफावत आहे आणि बायबलच्या अभ्यासकांनी तिच्यावर पुष्कळ लिहिले आहे. परंतु आजचा वाचक मत्तयामधील शब्द ‘थोड्या वेळाने’ असा वाचतो आणि ती तफावत त्याच्यापुरती विरघळून जाते. मजकुरातील खाचखळगा शब्दाच्या बदललेल्या अर्थाने बुजवून टाकला. १८८१ च्या सुधारित इंग्रजी आवृत्तीत येथे ‘इमीजिएटली’ हा शब्द घातला गेला.

मग ‘ताबडतोब’चे ‘थोड्या वेळाने’ झाले कसे? कोशकार याची उत्तरे पुराव्यांनिशी देतात. मला मात्र मद्यालयातील एक पोऱ्या पुरेसा वाटतो. शेक्सपिअरच्याच ‘हेन्री चौथा, भाग पहिला’मध्ये फ्रान्सिस नावाचा पोऱ्या आहे. राजपुत्र त्याला बोलण्यात गुंतवून ठेवतो आणि त्याच वेळी राजपुत्राचा मित्र दुसऱ्या खोलीतून त्याला हाका मारत राहतो. फ्रान्सिस दर हाकेला ‘अनॉन’ असे ओरडतो आणि जागचा हलत नाही. ‘अनॉन’ची व्युत्पत्ती ‘एकात’, म्हणजे ‘एका दमात, तत्काळ’ अशी आहे. पण फ्रान्सिसच्या तोंडी त्याचा अर्थ अगदी आपल्या ‘आलोच!’ इतकाच उरला आहे. ‘आलोच’ म्हणणारा माणूस कोठेही आलेला नसतो, हे पुण्यामुंबईच्या कोणत्याही हॉटेलात पाहायला मिळते.

इंग्रजीत हे एकट्या ‘प्रेझेंटली’चे प्राक्तन नाही. ‘सून’ हा आज ‘लवकरच’ या अर्थाचा शब्दही प्राचीन इंग्रजीत ‘तत्क्षणी’ याच अर्थाचा होता. ‘बाय अँड बाय’ १६११ च्या बायबलमध्ये ‘लगेच’ आहे आणि नंतर ‘कधीतरी यथावकाश’. दक्षिण आफ्रिकेतील इंग्रजीत ‘जस्ट नाऊ’ म्हणजे आत्ता नव्हे, नंतर केव्हातरी. तातडीचा नवा शब्द घडवावा, माणसांनी तो दिरंगाईसाठी वापरून झिजवावा, मग आणखी नवा घडवावा, असे हे चक्र दिसते. मराठीही त्यातून सुटलेली नाही. ‘त्वरा’च्या कुळातला ‘तुरंत’ हिंदीत अजून ‘लगेच’ आहे. आपला ‘तूर्त’ त्याच कुळातला, पण आज ‘तूर्त थांबू या’ म्हणताना आपल्याला ‘सध्यापुरते’ एवढेच म्हणायचे असते. घाईतून जन्मलेला शब्द थांबण्यासाठी वापरला जातो.

येथपर्यंत ही भाषेची गंमत आहे. आता तिची किंमत पाहू.

ईस्ट इंडिया कंपनीच्या सतराव्या शतकातील पत्रव्यवहारात हा शब्द पुष्कळ येतो, आणि शिवकालाचा अभ्यास करणाऱ्याला त्या पत्रव्यवहाराला वळसा घालून जाता येत नाही. विल्यम फॉस्टर यांनी संपादलेले ‘द इंग्लिश फॅक्टरीज इन इंडिया’चे खंड आणि १९३१ मध्ये पुण्यातून निघालेले ‘इंग्लिश रेकॉर्ड्स ऑन शिवाजी’ ही आमच्या टेबलावर नेहमी उघडी असणारी पुस्तके. हे इंग्रजी नेमके त्या काळातले आहे, जेव्हा शब्द घसरणीला लागला होता. जुना अर्थ जिवंत आहे, नवा आत शिरतो आहे. एकाच वखारीतील दोन कारकून तो दोन अर्थांनी लिहू शकतात.

राजापूरचे प्रकरण घ्या. १६६० मध्ये पन्हाळ्याला सिद्दी जौहरचा वेढा पडला असताना राजापूरच्या इंग्रजांनी तोफगोळे आणून वेढा घालणाऱ्यांना मदत केली, आणि तीही आपले निशाण फडकावून. पुढच्या वर्षी शिवाजी महाराजांनी राजापूर घेतले, तेव्हा हेन्री रेव्हिंग्टन आणि त्याचे सहकारी कैदेत पडले. १६६३ मध्ये सुटका होईपर्यंत सुमारे दोन वर्षे ते किल्ल्यांवर बंदिवान होते. तेथून ते सुरतेला पत्रे लिहीत, आपल्यासाठी कोणी काही करीत नाही असा त्रागा करीत. सुरतेचे वरिष्ठ त्यांना सुनावत की हे संकट तुम्हीच आमच्या आज्ञेवाचून ओढवून घेतले आहे.

अशा पत्रव्यवहारात ‘आम्ही अमुक प्रयत्न प्रेझेंटली करू’ असे एखादे वाक्य आले, तर त्याचे वाचन किती जणांची बाजू ठरवते पाहा. ‘ताबडतोब’ वाचले तर सुरत वचन देते आहे, आणि काही घडले नसेल तर तिने वचन मोडले. ‘थोड्या वेळाने, यथावकाश’ वाचले तर सुरत आधीपासूनच हात झटकते आहे. कैद्याच्या दृष्टीने पाहिले तर एका वाचनात त्याला आशा दाखवून फसवले गेले, दुसऱ्यात ती दाखवलीच गेली नाही. किल्ल्यावर दोन पावसाळे काढलेल्या माणसाला हा फरक किरकोळ वाटला नसता.

आमच्या वर्गात एका सहाध्यायीने सुरतकरांच्या थंडपणावर निबंध वाचला होता. निष्कर्ष योग्य होता; तो इतर कागदांवरून सिद्ध होतो. परंतु त्याचा एक आधार ‘प्रेझेंटली’ या शब्दावर होता आणि तो ‘यथावकाश’ असा वाचला गेला होता. चर्चेत काहींचे मत पडले की निष्कर्ष बरोबर आहे ना, मग एवढा काथ्याकूट कशाला? मला हे मुळीच पटत नाही. आपण मेलेल्या माणसांवर आरोप ठेवत असतो. त्यांच्या तोंडी त्यांनी न उच्चारलेली टाळाटाळ घालणे हा साक्षीतला फेरफार आहे, मग निकाल काहीही लागो.

निर्णय कसा करावा? शब्दकोश एकटा पुरत नाही, कारण तो दोन्ही अर्थ त्याच काळात दाखवतो. मी आधी त्याच लेखकाची इतर पत्रे पाहते. माणूस आपल्या सवयीच्या अर्थाला सहसा चिकटून असतो. मग कृती पाहायची: पत्रात सांगितलेले काम पुढे किती दिवसांनी झाले? येथे पंचांगाची मेख आहे. इंग्रज १७५२ पर्यंत ज्युलियन कालगणना पाळत, पोर्तुगीज ग्रेगोरियन. सतराव्या शतकात दोहोंत दहा दिवसांचे अंतर होते. शिवाय इंग्रजांचे अधिकृत वर्ष २५ मार्चला सुरू होई, म्हणजे ‘फेब्रुवारी १६६२’ असे लिहिलेले पत्र आपल्या हिशोबाने १६६३ चे असू शकते. हे विसरणाऱ्याला तत्परता वर्षभराची दिरंगाई वाटेल. आणि त्या काळाचा ‘लगेच’ सुद्धा आपला नव्हे. जहाज वाऱ्याची वाट पाही, कासिद नदी उतरण्याची. सुरतेहून लंडनला लिहिलेल्या पत्राचे उत्तर येण्यात दीड-दोन वर्षे सहज जात.

मराठी दफ्तराने या बाबतीत मोठी शहाणी योजना केली होती, असे मला नेहमी वाटते. हुकुमात ‘देखत पत्र’ येणे किंवा करणे असे लिहीत; म्हणजे पत्र दृष्टीस पडताच. वेळ एखाद्या झिजणाऱ्या क्रियाविशेषणाच्या हवाली न करता ती समोरच्या कागदाला बांधून टाकली. ‘देखत पत्र’चा अर्थ ‘दुपारनंतर बघू’ असा होणे अवघड आहे. १६७४ मध्ये हेन्री ऑक्सेंडेन रायगडावर आला, तेव्हा राजापूरच्या नुकसानभरपाईची रेंगाळलेली बोलणीही त्याच्या कामात होती आणि नारायण शेणवी हे कंपनीचे दुभाषे सोबत होते. एका भाषेतला ‘प्रेझेंटली’ दुसऱ्या भाषेत नेणे हे त्यांचे रोजचे काम.

माझ्या टिपणवहीत मी आता एक सोपी रीत ठेवली आहे. १६५० पूर्वीच्या पत्रात हा शब्द आला की ‘तत्काळ’ लिहिते, आणि विरुद्ध पुरावा मिळाला तरच बदलते. १६५० ते १७०० च्या पत्रांत शब्द तसाच देवनागरीत ठेवते आणि समासात प्रश्नचिन्ह काढते. अठराव्या शतकाच्या उत्तरार्धातील कागदांत बहुधा ‘लवकरच’. या रीतीने टिपणे कुरूप दिसतात. मार्गदर्शकांनी एकदा विचारलेही की ही प्रश्नचिन्हे कसली.

पुढच्या धाग्यात याच जातीचे दुसरे क्रियाविशेषण घेईन: ‘इंडिफरंटली’. १६६२ च्या इंग्लिश प्रार्थनापुस्तकात अधिकाऱ्यांनी न्यायदान ‘इंडिफरंटली’ करावे अशी देवाकडे मागणी आहे. आजच्या इंग्रजीने वाचाल तर ती बेफिकीर न्यायाची मागणी ठरेल. तेव्हाच्या इंग्रजीत ती निःपक्षपाती न्यायाची होती.