गेम सुरू होत नाहीये, बघ ना जरा!

इंजिनिअरिंगला अ‍ॅडमिशन मिळाली की तमाम नातेवाइकांच्या दृष्टीने आपण दोन गोष्टींचे तज्ज्ञ होतो : मिक्सर आणि कॉम्प्युटर. ब्रँच कुठलीही असो! आमच्या सिव्हिलच्या एका मित्राला त्याच्या आत्याने साखरपुड्याच्या दिवशी, भर मांडवात, प्रिंटर बघायला बसवलं होतं. मी निदान इलेक्ट्रॉनिक्सचा तरी आहे. होस्टेलवर तर "गेम सुरू होत नाहीये, बघ ना जरा" हे वाक्य "मेसमध्ये आज काय आहे?" च्या खालोखाल ऐकू येतं. (सबमिशनच्या आठवड्यात तर जास्तच. का ते चाणाक्ष वाचकांना सांगायला नको.)

तर मंडळी, या विषयातल्या तीन वर्षांच्या अनुभवावरून माझं असं मत झालंय की सुरू न होणारे गेम दोन जातींचे असतात. बोलके आणि मुके.

बोलके बरे. पडतात, पण का पडले ते सांगून पडतात. ‘डीथ्रीडीएक्स-नाइन-फोर्टीथ्री नावाची डीएलएल सापडत नाही’ ही तर घरोघरची तक्रार. यावर हमखास प्रश्न येतो की, "अरे पण विंडोजमध्ये डायरेक्टएक्स १२ आहे की! ९ चं काय कौतुक?" कौतुक असं की डायरेक्टएक्स ९ च्या काळातल्या गेम्सना ज्या मदतनीस लायब्ररी लागतात, त्या विंडोजबरोबर येतच नाहीत. त्यांचं मायक्रोसॉफ्टने जून २०१० मध्ये काढलेलं गाठोडं वेगळं बसवावं लागतं. ते १२ च्या शेजारी गुण्यागोविंदाने नांदतं. ती एकच डीएलएल कुठल्यातरी अनोळखी साइटवरून उतरवून घेणारे महाभाग आमच्या मजल्यावर आहेत. त्यांचे पेनड्राइव्ह मी हातात घेत नाही. दुसरा बोलका म्हणजे सी, मग पाच शून्यं आणि शेवटी सेव्हन-बी अशा नंबराचा. दिसायला भयंकर, पण बहुतेक वेळा अर्थ एवढाच की ३२ बिटवाल्या प्रोग्रॅमच्या ताटात कुणीतरी ६४ बिटची डीएलएल वाढलीये.

मुक्यांचं काय करायचं? डबल क्लिक केलं. निळं चक्र दोन सेकंद फिरलं. थांबलं. आणि... काही नाही. एरर नाही, आवाज नाही, कोरी खिडकीसुद्धा नाही. डेस्कटॉप आपल्याकडे बघतोय, आपण डेस्कटॉपकडे.

माझ्या वाट्याला असा मुका गेम आला तो मामाकडून.

मामाचं कऱ्हाडला सायबर कॅफे होतं. २००१ मध्ये सुरू केलं, २०१२ मध्ये बंद झालं. लाकडी पार्टिशन टाकलेल्या आठ केबिन, तासाला वीस रुपये, दारात टेबलावर एक लांबलचक रजिस्टर : नाव, आत वेळ, बाहेर वेळ, रक्कम. सकाळी रिझल्ट बघणारी आणि फॉर्म भरणारी गर्दी, संध्याकाळी लॅनवर गेम खेळणारी पोरं. त्या काळात गावात गेमची सीडी म्हणजे मार्कर पेनने नाव लिहिलेली कॉपी, चाळीस-पन्नास रुपयांना. मामाकडे मात्र एक कार रेसिंगचा गेम ओरिजिनल होता. पुण्याहून आणलेला, खोक्यासकट आणि पावतीसकट. ती पावती अजून त्या खोक्यात आहे. मामाला तिचा कोण अभिमान!

दीड वर्षापूर्वी मामाला पॅरालिसिसचा झटका आला. जीव वाचला, चालायलाही लागला, पण उजवा हात मागे राहिला. फिजिओथेरपीच्या ताई रोज बोटं हलवायला सांगायच्या. रबरी बॉल दाबा, वाटीतल्या राजम्याच्या बिया एकेक उचलून दुसऱ्या वाटीत टाका. मामा दोन दिवस करायचा, तिसऱ्या दिवशी वाटी बाजूला सारायचा. "लहान मूल आहे का मी?" मामी वैतागायची, मग गप्प बसायची. ते गप्प बसणं मला जास्त लागायचं.

दिवाळीच्या सुट्टीत गेलो तेव्हा मामाने डाव्या हाताने ते खोकं पुढे केलं. "हे चालू करून दे. यात ॲरो कीज उजव्या हाताने दाबाव्या लागतात." बस्स, एवढंच म्हणाला. पुढचं मी समजलो.

माझ्या लॅपटॉपवर विंडोज ११. सीडी ड्राइव्ह तर हल्ली लॅपटॉपला नसतोच, म्हणून मित्राचा यूएसबीवाला मागून आणला. गेम व्यवस्थित इन्स्टॉल झाला. डबल क्लिक. चक्र फिरलं. थांबलं.

"ओरिजिनल आहे रे, चालणारच," मामा म्हणाला.

आता इथे आपल्याकडची रूढ पद्धत अशी : कंपॅटिबिलिटी मोड लावा, अ‍ॅडमिनिस्ट्रेटर म्हणून चालवा, ग्राफिक्स ड्रायव्हर बदला, अँटिव्हायरस बंद करा, रीस्टार्ट करा, आणि हे सगळं पुन्हा उलट्या क्रमाने करा. यातलं एखादं लागूही पडतं. पण लागू का पडलं हे कळत नाही, आणि पुढच्या वेळी परत पहिल्यापासून कीर्तन. आमच्या लॅबमध्ये सर्किट चालेनासं झालं की पाठीमागून एकच प्रश्न येतो, "सिग्नल कुठपर्यंत येतोय?" मला वाटतं गेमलाही तोच विचारावा. कुठपर्यंत येऊन थांबतोय?

म्हणून आधी टास्क मॅनेजर उघडून ठेवला आणि डबल क्लिक केलं. गेमचं नाव यादीत आलं, दोनेक सेकंद थांबलं, गेलं. म्हणजे सुरू होतोय! मग इव्हेंट व्ह्यूअर. प्रोग्रॅम कोसळला की विंडोज तिथे पंचनामा करून ठेवतं. तिथे काहीच नोंद नव्हती. मग प्रोसेस मॉनिटर नावाचं हत्यार काढलं. प्रोग्रॅम कुठली फाइल उघडतो, रजिस्ट्रीत काय शोधतो, सगळं तो ओळीओळीने लिहितो. दोन सेकंदांत हजारो ओळी! त्यात ‘नाव सापडलं नाही’ असं शेकडो वेळा लिहिलेलं असतं. नवखा माणूस तिथेच हबकतो, पण ते बहुतेक निरुपद्रवी असतं. विंडोज एकेक डीएलएल चार ठिकाणी शोधतं, तीन ठिकाणी नसते. मी थेट तळाशी गेलो. गेमच्या प्रोसेसचा शेवट नोंदलेला होता, साधा, शिस्तीत बाहेर पडलेला.

हे महत्त्वाचं. गेम पडला नव्हता. तो स्वतःहून निघून गेला होता. म्हणजे आत कुणीतरी त्याला "परत जा" म्हणत होतं.

मग सीडीच एक्सप्लोररमध्ये उघडून बघितली. गेमच्या फाइल्समध्ये एक छोटी फाइल होती, ‘सेकडीआरव्ही’ नावाची सिस्टिम ड्रायव्हर. कमांड प्रॉम्प्टवर विंडोजला विचारलं, बाबा रे, या नावाचा ड्रायव्हर तुझ्याकडे आहे का? उत्तर आलं १०६० नंबरचं : अशी कुठलीही सर्व्हिस इथे बसवलेली नाही.

सापडला! दारावरचा रखवालदार.

हा रखवालदार सेफडिस्क नावाच्या कॉपी-प्रोटेक्शनचा. मॅक्रोव्हिजन कंपनीने ते १९९८ च्या सुमारास आणलं आणि पुढची कित्येक वर्षं असंख्य गेम्सवर ते होतं. कल्पना मोठी हुशारीची. सीडी छापतानाच काही सेक्टर मुद्दाम बिघडवून ठेवायचे. घरच्या रायटरवर कॉपी केली की ते बिघाड जसेच्या तसे उतरत नाहीत. म्हणजे ओरिजिनलची ओळख काय, तर तिच्यातली खोट! गेमचा मुख्य प्रोग्रॅम कुलूपबंद, त्याच्यावर एक वेष्टण. वेष्टण आधी ड्रायव्हरमार्फत सीडी तपासतं, खूण पटली तर कुलूप उघडतं, नाहीतर गाशा गुंडाळतं. हा ड्रायव्हर विंडोजच्या अगदी गाभाऱ्यात, म्हणजे कर्नलमध्ये बसतो. एक्सपीपासून तर तो विंडोजबरोबरच यायचा.

गाभाऱ्यात कुणालाही बसवलं की धोका आलाच. २००७ मध्ये याच ड्रायव्हरमध्ये भोक सापडलं. साध्या यूजरला त्यातून अख्ख्या मशिनचा ताबा घेता येत होता. त्याच वर्षी डिसेंबरात मायक्रोसॉफ्टला ते बुजवावं लागलं. (गाण्यांच्या सीडीचं प्रकरण याच्याही आधीचं. २००५ मध्ये मार्क रसिनोविचने दाखवून दिलं होतं की सोनी बीएमजीच्या काही सीडी कॉम्प्युटरमध्ये चोरपावलांनी रूटकिट बसवतात. प्रोसेस मॉनिटर लिहिणाऱ्यांपैकी तो एक, हा योगायोग नव्हे.) शेवटी २०१५ मध्ये आलेल्या विंडोज १० मध्ये हा ड्रायव्हर ठेवलाच नाही, आणि त्याच वर्षी सप्टेंबरच्या सिक्युरिटी अपडेटने व्हिस्टापासून ८.१ पर्यंतच्या विंडोजमध्येही तो बंद केला. माझ्या मते निर्णय योग्यच होता. इतकं जुनं कुलूप घराच्या पायात कोण ठेवेल?

पण मजा बघा. ज्याने चाळीस रुपयांची कॉपी घेतली, त्याच्या सीडीवर कुलूप तोडलेला प्रोग्रॅम होता. त्याला रखवालदाराची गरज तेव्हाही नव्हती, आजही नाही. अडकला कोण, तर ज्याने पावती जपली तो!

होस्टेलवर फोन लावला. एका मित्राने दहा सेकंदांत तोडगा सांगितला : क्रॅक टाक. मामाने ऐकलं. "अजिबात नाही. पावती आहे माझ्याकडे." मलाही नकोच होतं, कारण असल्या फायलींबरोबर आणखी काय येतं त्याची गॅरंटी कोण देणार? विंडोजची सही तपासायची सवय मोडून जुना ड्रायव्हर परत आत घुसवण्याचे प्रकारही आहेत. पण त्याच लॅपटॉपवर माझा प्रोजेक्ट आहे. नको.

रखवालदार नव्या घरात येणार नसेल, तर गेम जुन्या घरी न्यायचा. कॅफेचे सात पीसी विकले गेले होते. आठवा, काउंटरवरचा पेंटियम ४, माळ्यावर चादरीत गुंडाळून ठेवलेला. मामी त्याला दर दिवाळीला भंगारवाल्याकडे धाडायची आणि मामा दर दिवाळीला परत बोलवायचा.

उतरवला. अर्धा किलो धूळ निघाली, एक मेलेली पालही. त्या काळातल्या पुष्कळ मदरबोर्डांचे कपॅसिटर फुगून मेले, म्हणून आधी सगळ्यांची डोकी बघितली. सपाट होती, नशीब! चालू केला तर स्क्रीन काळी आणि लांब बीप, पुन्हा पुन्हा. रॅम. काढली, तिचे सोनेरी दात मामेबहिणीच्या खोडरबरने घासले आणि परत खट्‌कन बसवली. (हा उपाय कुठल्याही टेक्स्टबुकात नाही. व्हायवाला सांगू नका. पण चालतो.) आता बीप गेली आणि सीमॉसची तक्रार आली, मशिनच्या मते आपण नुकतेच २००२ मध्ये प्रवेश केला होता. बॅटरी मेलेली. कोपऱ्यावरच्या घड्याळवाल्याकडून नाण्याएवढा सेल आणला, तारीख लावली. हार्ड डिस्क गिरणीसारखी घरघरली आणि वर हिरवी टेकडी, निळं आकाश. एक्सपी! नेटची वायर लावली नाही आणि लावणारही नाही. एक्सपीचे अपडेट्स २०१४ मध्येच थांबलेत.

सीडी आत. डबल क्लिक. ड्राइव्ह बराच वेळ कुरकुरला, थांबला, परत कुरकुरला. ती खोट तपासत असणार. मामी दारात उभी. कुणीच बोलत नव्हतं. आणि मग स्पीकरमधून इतक्या जोरात इंजिन डरकाळलं की मामी "अगंबाई!" म्हणून मागे सरकली.

पहिल्या रेसला मामाची गाडी भिंतीला चिकटून राहिली. मधलं बोट डाव्या ॲरोवर जायचं, पण दाबायला उशीर. शेवटून पहिला आला. दुसऱ्यांदाही शेवटून पहिला. डावा हात मदतीला येऊ लागला तसा मामानेच तो मांडीखाली दाबून ठेवला. कपाळावर घाम. मी म्हटलं, "मामा, पुरे आता, उद्या खेळ." माझ्याकडे न बघता म्हणाला, "गप रे. वळण आलंय."

सुट्टी संपून निघालो तोवर मामा आठांत सहावा येत होता. हात बरा झाला असं मी म्हणणार नाही, ते फिजिओच्या ताईच सांगतील. अंगठा आणि मधलं बोट नीट चालतात, करंगळी अजून ऐकत नाही. सीडी मात्र जपायला हवी. कडेला एक चरा आहे, आणि नेमकी तीच कॉपी होत नाही.

निघताना काउंटरचं जुनं रजिस्टर पीसीशेजारी दिसलं. मामीने माळ्यावरून तेही उतरवलं होतं. २०१२ च्या शेवटच्या नोंदीखाली रेघ मारून तिने रोजची नोंद सुरू केलीये. नाव : मामाचं. आत ५.१०, बाहेर ५.५५. रक्कम : पंधरा रुपये, बाकी.