मीमचा रकाना

मोतीबिंदू वाढायला लागल्यापासून मी मोबाइलवर अक्षर दुप्पट करून वाचतो, आणि माझ्या वेबपानावर मी स्वतः जुळवलेला बुर्दा शरीफ तिथेच मोडतो. मिसरा, म्हणजे शेराचा अर्धा भाग, ओळीत मावत नाही. शेवटचे शब्द खाली घरंगळतात आणि शेराचे समोरासमोरचे दोन मिसरे वरखाली होतात.

इमाम बुसीरींचा हा तेराव्या शतकातला कसीदा, साधारण एकशे साठ शेरांचा, आणि प्रत्येक शेराच्या शेवटी जेर, म्हणजे इकाराची खूण, असलेला मीम हे अक्षर. दगडावर छापलेल्या जुन्या प्रतींत पानाच्या डाव्या कडेला हे मीम एकाखाली एक उभे दिसतात. मिसरा आखूड पडला की कातिब, म्हणजे हाताने लिहिणारा, एखादं अक्षर ओढून लांब करी. ती कशिश. कुठलं अक्षर ओढायचं ते त्याच्या हाताला ठाऊक असे. ब्राउझर मात्र ओळ भरायला दोन शब्दांमधली जागा फुगवतो. म्हणून मी कशिशचं चिन्ह शब्दाशब्दात हाताने घातलं. रकाना जमला, पण तोच शब्द साधा लिहून शोधला तर बऱ्याचदा सापडत नाही, कारण यंत्राच्या लेखी ती कशिश हेही एक अक्षरच.

शेख फैजुल्लाभाईंनी १८९३ साली मुंबईतच इंग्रजी तर्जुम्यासह बुर्दा छापला. त्याचं स्कॅन आज वाकोल्यात बसून उघडता येतं, याचं मला फार अप्रूप आहे. पण चित्रातलं अक्षर मोठं केलं की पान बोटाने सरकवत बसावं लागतं. जेर-जबरच्या खुणांशिवायचा मजकूर इकडून तिकडे चिकटवणाऱ्यांना तर मी माफच करत नाही. एक हरकत, म्हणजे स्वराची खूण, गळली की बसीत बहराची, म्हणजे त्या वृत्ताची, चाल कोसळते आणि शिकणारं पोर त्याच जागी अडखळतं.

बुर्दा शिकायला माझ्याकडे येणारी मुलं मराठी शाळेतली. त्यांच्यासाठी शेराखाली मराठी अर्थ घातला की दोन मीमांच्या मध्ये तीन-तीन ओळी येतात. भाची म्हणते, "मामू, मजकुरातून कशिश काढा, ती फक्त दिसताना पडू दे, रुंद पडद्यावर." तिचं बरोबर आहे. तरी माझा हात धजत नाही. त्या रकान्यावरून लोक पान माझं म्हणून ओळखतात, आणि ते मला हवंहवंसं वाटतं.

शेवटी ती दिसताना पडणारी कशिश आता भाचीच बसवते आहे. कुठे ओढायचं ते मी शेराशेराला सांगतो. शेवटच्या मीमच्या आधीचं अक्षर ओढावं की नाही, यावर आमचं अजून एकमत नाही.