ग्रँडमास्टर होण्याचा हिशेब

पुणे, नोव्हेंबर 2025

प्रिय गुरुजी,


ग्रँडमास्टर हा बुद्धिबळातला सर्वोच्च किताब. तो जागतिक बुद्धिबळ महासंघ, म्हणजे फिडे, देतो आणि पुढे खेळ उतरला म्हणून परत घेत नाही. 1950 मध्ये पहिल्यांदा 27 खेळाडूंना तो मिळाला. भारताला पहिला ग्रँडमास्टर लाभायला 1988 उजाडले. तो विश्वनाथन आनंद. कोलकात्याचे दिब्येंदू बरुआ 1991 मध्ये दुसरे झाले आणि मुंबईचे प्रवीण ठिपसे 1997 मध्ये तिसरे. नऊ वर्षांत तीन जण. आता एका वर्षातच तेवढे होतात.

एखादी मोठी स्पर्धा जिंकली की माणूस ग्रँडमास्टर होतो, असा सर्वसाधारण समज आहे. क्वचित ते खरेही ठरते. पण नेहमीचा रस्ता आकडेमोडीचा आहे. रेटिंग, म्हणजे खेळाडूच्या ताकदीचा आकडा, एकदा तरी 2500 वर पोचावे लागते आणि त्याशिवाय नॉर्म लागतात, बहुधा तीन, कारण सगळे मिळून किमान 27 डाव भरावे लागतात. नॉर्म म्हणजे एका स्पर्धेत 2600 रेटिंगच्या तोडीचा खेळ. नऊ फेऱ्यांच्या स्पर्धेत प्रतिस्पर्ध्यांचे सरासरी रेटिंग 2380 असेल तर नऊपैकी सात गुण हवेत. सरासरी 2475 असेल तर सहा गुणांवर भागते. त्यातही किमान तीन प्रतिस्पर्धी स्वतः ग्रँडमास्टर हवेत आणि नेहमीच्या स्पर्धांत परदेशी खेळाडूही समोर यावे लागतात. थोडक्यात, घरी बसून कितीही अभ्यास केला तरी नॉर्म मिळत नाही. समोर बसणारा माणूस तेवढा मोठा लागतो. तो जिथे भेटतो तिथे जावे लागते. या किताबाची खरी अडचण इथे आहे, आणि कौतुकाच्या बातम्यांत नेमकी तीच गळते.

रेटिंगचा वेगही वयाप्रमाणे बदलतो. अठरा वर्षांखालच्या मुलाला, 2300 च्या आत असेपर्यंत, बरोबरीच्या खेळाडूला हरवल्यावर 20 गुण मिळतात. एकदा 2400 ओलांडले की त्याच विजयाचे फक्त 5. म्हणजे 2400 वरून 2500 वर जायला बरोबरीच्या खेळाडूंवर पराभवांपेक्षा वीस विजय जास्त लागतात. पुष्कळ गुणी मुले इंटरनॅशनल मास्टर, म्हणजे एक पायरी खालचा किताब, मिळवून इथेच अडकतात. तोवर बारावी आलेली असते, आणि पट कपाटावर जातो.

महाराष्ट्राची परंपरा मात्र किताबांच्या आधीची आहे. राष्ट्रीय विजेतेपद 1955 पासून सुरू झाले आणि पहिल्याच वर्षी रा. भ. सप्रे संयुक्त विजेते होते. सांगलीत भाऊसाहेब पडसलगीकरांनी नूतन बुद्धिबळ मंडळाच्या आधाराने खेळाडूंच्या पिढ्या घडवल्या. गिरगावच्या खाडिलकर भगिनी, वासंती, जयश्री आणि रोहिणी, यांनी महिलांच्या राष्ट्रीय स्पर्धेवर जवळजवळ दशकभर राज्य केले. रोहिणी 1976 मध्ये, तेरा वर्षांची असताना, पुरुषांच्या राष्ट्रीय स्पर्धेत उतरली तेव्हा गदारोळ झाला. शेवटी फिडेचे अध्यक्ष मॅक्स यूवे यांना स्त्रियांना अशा स्पर्धांतून वगळता येणार नाही असा निर्णय द्यावा लागला. 1981 मध्ये ती आशियाई विजेती झाली. या तिघींपैकी कोणीही ग्रँडमास्टर नव्हती. पण पुढच्या मुलींसाठी दार त्यांनी उघडले, आणि त्याचे मोल एखाद्या किताबापेक्षा कमी नाही.

ठिपसे सात वेळा राष्ट्रीय विजेते होते. पहिले विजेतेपद 1982 चे आणि किताब 1997 चा. मधली पंधरा वर्षे खेळ कमी पडला म्हणून गेली असे नाही. नॉर्म मिळू शकेल अशा स्पर्धा त्या काळात देशात दुर्मिळ होत्या. पुण्याचे अभिजित कुंटे 2000 मध्ये ग्रँडमास्टर झाले, 2003 मध्ये ब्रिटिश विजेतेपद जिंकले, आणि 2024 च्या बुडापेस्ट ऑलिंपियाडमध्ये सुवर्ण मिळवणाऱ्या भारतीय महिला संघाचे ते कर्णधार होते. खेळाडू, मग प्रशिक्षक, मग कर्णधार: ग्रँडमास्टरच्या आयुष्याचा सगळ्यांत भरवशाचा नकाशा बहुधा हाच.

नंतर नावे भराभर येत गेली. नाशिकचा विदित गुजराथी, अमरावतीचा स्वप्नील धोपाडे, नागपूरचे रौनक साधवानी आणि संकल्प गुप्ता. आपल्या बीडला लागून असलेल्या अहिल्यानगर जिल्ह्यातल्या संगमनेरचा शार्दूल गागरेही त्यातलाच. म्हणजे आता हा किताब फक्त मुंबई-पुण्याचा राहिलेला नाही. संकल्पने 2021 मध्ये सलग तीन स्पर्धांत, 24 दिवसांत, तीनही नॉर्म मिळवले. शेवटचा नॉर्म सर्बियातल्या अरांजेलोवाच गावी. सर्बियात अशा स्पर्धा लागोपाठ होतात, म्हणून भारतीय मुले तिकडे जातात.

विदितची कारकीर्द जरा थांबून पाहावी अशी आहे. 2013 मध्ये ग्रँडमास्टर, 2017 मध्ये 2700 पार, आणि तेवढे उंच जाणारा तो चौथा भारतीय. 2023 मध्ये आइल ऑफ मॅन बेटावरच्या ग्रँड स्विस स्पर्धेत तो पहिलीच फेरी हरला. उरलेल्या दहा डावांत त्याने साडेआठ गुण केले आणि स्पर्धा जिंकली. पुढच्या वर्षी टोरँटोला, जगज्जेत्याचा आव्हानवीर ठरवणाऱ्या कँडिडेट्स स्पर्धेत, दुसऱ्याच फेरीत, काळी मोहरी घेऊन त्याने हिकारू नाकामुरासमोर अकराव्या चालीला एच-3 वरच्या प्याद्यासाठी उंट देऊन टाकला. नाकामुरा त्याआधी सलग 47 डाव अपराजित होता. तो डाव विदितने जिंकला आणि नवव्या फेरीत नाकामुराला पुन्हा हरवले. तरीही अखेरच्या तक्त्यात तो 14 पैकी 6 गुणांसह सहावा राहिला, आणि भारताचाच गुकेश विजेता ठरला. शिखराजवळचे बुद्धिबळ असेच असते.

दिव्या देशमुखची गोष्ट नेमकी उलटी. ती आणि रौनक दोघेही डिसेंबर 2005 चे, दोघेही नागपूरचे. रौनक तेराव्या वर्षी ग्रँडमास्टर झाला. दिव्या दहा आणि बारा वर्षांखालच्या गटांत जगज्जेती होती, 2024 मध्ये ज्युनियर मुलींतही झाली; पण जुलै 2025 मध्ये बाटुमीच्या महिला विश्वचषकाला गेली तेव्हा तिच्या खात्यात ग्रँडमास्टरचा एकही नॉर्म नव्हता. तिथे तिने झू जिनर, हरिका आणि माजी जगज्जेती तान झोंगयी यांना हरवले. अंतिम फेरीत समोर भारताचीच कोनेरू हम्पी, वयाने दुप्पट. दोन संथ डाव बरोबरीत, पहिला जलद डावही बरोबरीत. दुसऱ्यात दिव्याकडे काळी मोहरी होती आणि तो तिने जिंकला. विश्वचषकाच्या विजेतीला किताब थेट मिळतो, म्हणून 28 जुलैला ती भारताची 88 वी आणि भारतीय महिलांतली चौथी ग्रँडमास्टर झाली. वर्तमानपत्रे तिला पूर्वीपासूनच ग्रँडमास्टर लिहीत. तो वुमन ग्रँडमास्टर हा वेगळा किताब, त्याची रेटिंगची अट 2300 चीच.

पोटापाण्याचे काय, हा प्रश्न पालक विचारतात आणि तो रास्त आहे. दिव्याला विश्वचषकाचे 50 हजार डॉलर मिळाले, राज्य सरकारने तीन कोटी दिले. विदितला ग्रँड स्विसचे 80 हजार डॉलर. पण हे शिखरावरचे आकडे झाले. बाकीच्या ग्रँडमास्टरांचे घर बक्षिसांवर क्वचितच चालते. रेल्वे, तेल कंपन्या यांच्या क्रीडा कोट्यातली नोकरी आणि शिकवण्या, यावरच बहुतेकांचा संसार. त्याआधीची दहा-बारा वर्षे खर्च आईवडिलांचा: प्रवेश फी, प्रवास, मुक्काम, प्रशिक्षक, आणि सोबत जाणाऱ्याची रजा.

आपल्या बीड जिल्ह्याच्या दृष्टीने पाहायचे तर आष्टी तालुक्यातल्या मांडव्याचा अविनाश साबळे ऑलिंपिकच्या अंतिम फेरीपर्यंत धावला. धावणाऱ्याला घड्याळाशी स्पर्धा करता येते, ते गावातही असते. बुद्धिबळपटूला माणूस लागतो. त्यातून ज्या घरची माणसे दिवाळीनंतर कोयता घेऊन ऊसतोडीला जातात, त्या घरचे मूल हिवाळ्यात शाळेलाच मुकते, तिथे स्पर्धा कुठली. एखाद्या मुलाचे गुण हेरून त्याला ग्रँडमास्टर म्हणून मिरवण्याची घाई कोणी करू नये.

पहिली पायरी मात्र आवाक्यातली आहे. रेटिंग मिळायला रेटिंग असलेल्या पाच खेळाडूंशी डाव व्हावे लागतात आणि किमान 1400 चा आकडा यावा लागतो. मार्च 2024 पूर्वी तो 1000 होता. असे पाच जण एका स्पर्धेत सहज भेटतात. 17 सप्टेंबर 2025 पासून अहिल्यानगर-बीड रेल्वे सुरू झाली आहे, म्हणजे पुण्याकडच्या स्पर्धांची वाट थोडी सोपी झाली. तेव्हा गुरुजी, वर्गातल्या बऱ्या चार मुलांची फिडे नोंदणी या दिवाळीच्या सुट्टीनंतर लगेच करून घ्यावी आणि उन्हाळ्याच्या सुट्टीत त्यांना एका रेटिंग स्पर्धेला बसवावे. मुक्कामाची सोय पुण्यात होईल. मुलींना वगळू नये.



आपला,
एक जुना खेळगडी