परक्या उंबरठ्याचा जामीनदार

पतपेढीच्या कर्जाचा अर्ज ज्यांनी कधी भरला आहे, त्यांना 'जामीनदार' या शब्दाचे वजन सांगावे लागत नाही. कर्ज एकाचे, कार्य दुसऱ्याच्या घरचे आणि घोर मात्र सही करणाऱ्याच्या जिवाला. म्हणून शहाणा माणूस सही करण्यापूर्वी दहा वेळा विचार करतो आणि ज्याची पुरती खात्री वाटत नाही, त्याला गोड शब्दांत वाटेला लावतो. यात त्याचा दुष्टपणा नसतो. बुडीत कर्ज आपल्या गळ्यात येईल, ही साधी भीती असते. देशोदेशीच्या प्रवासाचे नियम मध्यंतरी आम्ही थोडे अभ्यासिले, तेव्हा आम्हांस वारंवार आठवली ती ही जामिनाची सही.

'व्हिसामुक्त प्रवास' हा शब्द आताशा सर्वांच्या तोंडी आहे. काही भाग्यवान देशांच्या नागरिकांनी पासपोर्ट खिशात टाकावा, तिकीट काढावे आणि दुसऱ्या देशी जाऊन उतरावे. अमेरिकन वकिलातीसमोर, पूर्वी ब्रीच कँडीला आणि २०११ पासून वांद्रे-कुर्ला संकुलात, कागदांची थैली छातीशी धरून उभ्या राहिलेल्या आपल्या माणसांना हे सुख स्वर्गीय वाटावे, यात नवल नाही. परंतु कोणतेही राज्य आपले दार असे वाऱ्यावर सोडत नसते. व्हिसा देणारा अधिकारी बाजूला झाला की त्याच्या जागी दुसरा कोणी तरी उभा करावा लागतो. तो दुसरा म्हणजे प्रवाशाला घेऊन येणारी विमान वा जहाज कंपनी.

अमेरिकेचेच उदाहरण घेऊ. १९८६ साली त्या देशाने कायदा करून मित्रराष्ट्रांच्या नागरिकांना ९० दिवसांपर्यंत व्हिसाविना येऊ देण्याची योजना प्रायोगिक म्हणून आखली. १९८८ च्या जुलैत ब्रिटन आणि डिसेंबरात जपान तीत सामील झाले. २००० साली योजना कायम झाली आणि आज तीत ४२ देश आहेत. भारत त्यांत नाही. या योजनेचे वस्त्र बाहेरून झुळझुळीत दिसते, पण आतली शिवण पाहण्यासारखी आहे. विमानाने किंवा जहाजाने येणाऱ्या अशा प्रवाशाला वाटेल त्या वाहनाने येता येत नाही. ज्या कंपनीने अमेरिकन सरकारशी लेखी करार केला आहे, तिच्याच वाहनातून त्याने आले पाहिजे. करार न केलेल्या खासगी विमानातून एखादा कोट्यधीश आला, तर त्याला व्हिसा लागतो. पाहुण्याची श्रीमंती नव्हे, तर आणणाऱ्याची सही मोलाची!

या करारात कंपनी काय काय पत्करते? प्रवाशाचा पासपोर्ट योजनेतील देशाचाच आहे, हे तिने पाहायचे. त्याच्याजवळ परतीचे किंवा पुढच्या प्रवासाचे तिकीट असल्याची खात्री करायची. उतरल्यावर तेथील अधिकाऱ्याने त्याला नाकारले, तर त्याला परत न्यायचे. चूक झाली तर दंड भरायचा. योग्य कागदांविना माणूस आणल्याचा दंड तेथील कायद्यात दरडोई ३,००० डॉलर लिहिलेला आहे आणि महागाईबरोबर तो वाढतही जातो.

प्रवाशालाही काही गमवावे लागते. पूर्वी त्याच्या हाती एक हिरवा कागद येई. आपणांस संसर्गजन्य रोग आहे काय येथपासून १९३३ ते १९४५ या काळात नाझींनी केलेल्या छळात आपला सहभाग होता काय येथपर्यंत नाना प्रश्न त्यावर असत. १२ जानेवारी २००९ पासून विमानात बसण्यापूर्वीच संगणकावरून परवानगी घेण्याची सक्ती झाली आणि पुढे विमानप्रवाशांचा तो कागद गेला. त्यातील एक अट मात्र टिकून आहे. 'अधिकाऱ्याने प्रवेश नाकारल्यास त्याविरुद्ध दाद मागण्याचा हक्क मी सोडत आहे,' असे प्रवाशाला मान्य करावे लागते. या सोडचिठ्ठीला कायद्याने एकच मोठा अपवाद ठेवला आहे, तो म्हणजे आश्रय मागण्याचा. जिवाच्या भयाने आलेल्या माणसाने 'मला आसरा द्या' म्हटले, तर ते ऐकून घ्यावे लागते. हा अपवाद वाचकांनी ध्यानात ठेवावा. त्याच्याकडे आपल्याला पुन्हा यावयाचे आहे.

ही सारी परदेशची कथा, आपल्याला काय तिचे, असे कोणी म्हणू नये. १९ डिसेंबर १९६१ पूर्वी गोवा, दमण व दीव येथे जन्मलेल्यांना आणि त्यांच्या मुला-नातवंडांना पोर्तुगालच्या कायद्याने पोर्तुगीज नागरिकत्वाची वाट खुली आहे आणि पोर्तुगाल १९९९ पासून अमेरिकेच्या या योजनेत आहे. (वसईचा किल्ला १७३९ मध्येच पडल्यामुळे आम्हां वसईकरांची ती सोय राहिली नाही!) त्यामुळे गोव्याच्या एकाच घरातला एक भाऊ वकिलातीच्या रांगेत उभा राहतो आणि पोर्तुगीज पासपोर्टवाला दुसरा थेट विमानाच्या काउंटरवर जातो.

आमच्या धर्मग्रामातील एक मुलगी सहारच्या विमानतळावर अशाच एका काउंटरवर काम करते. तिने सांगितलेली हकिगत अशी. पोर्तुगीज पासपोर्ट असलेली गोव्याची एक आजी न्यू जर्सीत राहणाऱ्या मुलाकडे निघाली होती. संगणकावरची परवानगी होती, सामानात आंब्याचे लोणचे होते, पण तिकीट केवळ जाण्याचे होते. 'हवी तितकी राहा, मग पाहू,' असे मुलाने मायेने म्हटले होते. परतीच्या तिकिटाविना बोर्डिंग पास देता येत नाही, असे मुलीने सांगताच आजीचा चेहरा उतरला. "बाय, म्हज्या पुताच्या घरा वचपाक परतीची तिकेट कित्याक गो?" या प्रश्नाला नियमांच्या कोणत्या पुस्तकात उत्तर आहे? अखेर मुलाला फोन गेला, त्याने तिकडून परतीचे तिकीट काढले आणि शेवटच्या क्षणी आजी विमानात बसली. आईच्या शब्दावर कोणाचा विश्वास नव्हता असे नव्हे. पण जामीनदाराला शब्द चालत नाही, कागद लागतो.

ही जामीनकी विमानांच्या युगाची नाही, ती आगबोटींपासून चालत आली आहे. १८९१ च्या कायद्याने अमेरिकेने नाकारलेल्या प्रवाशांना आणलेल्याच बोटीने, बोटवाल्यांच्या खर्चाने परत पाठविण्याचा नियम केला. पुढच्याच वर्षी न्यूयॉर्कच्या बंदरात एलिस बेटावरचे प्रसिद्ध तपासणी केंद्र उघडले. परिणाम असा झाला की, परत आणण्याचा खर्च टळावा म्हणून बोटीच्या कंपन्या युरोपच्या बंदरांतच माणसांचे डोळे, केस, कागद तपासू लागल्या. अमेरिकेची सरहद्द जणू हॅम्बुर्गच्या धक्क्यावर येऊन उभी राहिली.

या युक्तीचा सर्वांत कडू घोट आपल्या देशबांधवांनी घेतला आहे. विसाव्या शतकाच्या आरंभी हिंदी माणूस ब्रिटिश साम्राज्याचा प्रजानन आणि कॅनडाही त्याच साम्राज्यातला, म्हणून त्याला उघडपणे मज्जाव करणे अवघड होते. तेव्हा १९०८ साली कॅनडाने नियम केला की, येणाऱ्याने आपल्या मायदेशातून सलग प्रवास करून, तेथूनच काढलेल्या तिकिटावर यावे. आणि हिंदुस्थानातून असे थेट तिकीट विकू नये, असा दाब बोटीच्या कंपनीवर आणला! नियमात कोणाच्या वर्णाचा उल्लेख नव्हता. दार बंद केले ते तिकीटविक्रीच्या खिडकीवर. या नियमाला आव्हान देण्यासाठी बाबा गुरदित्तसिंग यांनी 'कोमागाटा मारू' ही जपानी बोट भाड्याने घेतली. २३ मे १९१४ रोजी ३७६ प्रवाशांसह ती व्हँकुव्हरला पोहोचली. दोन महिने ती बंदरात अडकून पडली आणि मोजके प्रवासी वगळता सर्वांना २३ जुलैला परत फिरावे लागले. कलकत्त्याजवळ बजबज येथे उतरताच गोळीबार झाला आणि सुमारे २० जण प्राणास मुकले. १८ मे २०१६ रोजी कॅनडाच्या पंतप्रधानांनी आपल्या संसदेत या प्रकाराबद्दल क्षमा मागितली. क्षमा आली, पण १०२ वर्षांनी.

ब्रिटनची गोष्ट त्या मानाने अलीकडची आहे. आमच्या पिढीला आठवत असेल, एके काळी भारतीय माणूस तेथे पाहुणा म्हणून व्हिसाविना जाऊ शकत असे. १९८५ मध्ये ब्रिटनने श्रीलंकेच्या नागरिकांना व्हिसा सक्तीचा केला. तो काळ तेथील तमिळ माणसांच्या पळापळीचा होता. १९८६ च्या ऑक्टोबरात भारत, पाकिस्तान व बांगलादेश यांची पाळी आली. लगेच १९८७ साली कायदा होऊन योग्य कागदांविना आणलेल्या प्रत्येक माणसामागे वाहतूक कंपनीला १,००० पौंड भरावे लागू लागले आणि १९९१ मध्ये ती रक्कम दुप्पट झाली. आधी व्हिसा लावायचा आणि मग व्हिसा पाहण्याचे काम विमान कंपनीच्या गळ्यात बांधायचे, हे दोन हात असे एकमेकांत गुंफलेले आहेत. युरोपीय संघानेही २००१ साली सर्व सदस्य देशांसाठी दंडाचे प्रमाण ठरवून दिले. ते एका माणसामागे किमान ३,००० युरो, अथवा कमाल मर्यादा ५,००० युरोंपेक्षा कमी नाही, असे आहे.

आपला देशही या बाबतीत मागे नाही. २००० साली भारताने असाच कायदा करून अशा प्रत्येक प्रवाशामागे वाहतूक कंपनीला १ लाख रुपये दंड ठेवला. २०२५ च्या नव्या कायद्याने तो जुना कायदा रद्द झाला, पण कंपन्यांची जबाबदारी कायम राहिली. नेपाळचा नागरिक आपल्याकडे व्हिसाविना येतो. सुनौलीच्या वेशीवरून तो चालत आला, तर त्याला जामीनदार लागत नाही. पण काठमांडूहून विमानात बसताना त्याची नागरिकत्वाची ओळख विमान कंपनीचा माणूसच आधी पाहतो.

आता त्या मुलीची दुसरी हकिगत. एका रात्री एक तरुण तिच्यासमोर आला. हाती व्हिसामुक्त योजनेतील एका युरोपीय देशाचा पासपोर्ट होता. छायाचित्रातला चेहरा आणि समोरचा चेहरा यांत फरक आहे, असे तिला वाटले. त्या देशाची भाषा त्याला धड बोलता येईना. तिने नियमाप्रमाणे वरिष्ठांना बोलावले. त्यांनी कागद उलटसुलट पाहिले आणि त्याला नेता येणार नाही असे ठरविले. तो तरुण भांडला नाही, रडला नाही. त्याने आपली लहानशी पिशवी उचलली आणि गर्दीतून तो बाहेर निघून गेला. "फादर," ती आम्हांस म्हणाली, "माझ्या मागे दोनशे माणसांची रांग होती. पुढच्या माणसाला मी 'गुड ईव्हनिंग' म्हटले. पण तो कुठे गेला असेल हो?"

सेमिनरीत नीतिशास्त्र शिकताना 'सहकार्य' या प्रकरणावर आम्ही कितीतरी तास घालविले. दुसऱ्याच्या कृत्यात मनाने सामील होणारा वेगळा आणि कामाच्या ओघात केवळ हाताने सामील होणारा वेगळा. सहकार्य जवळचे की दूरचे, टाळता येण्याजोगे की न येण्याजोगे, हे सारे तेथे तपासतात. त्या मोजपट्टीने पाहता या मुलीच्या हातून पाप झाले नाही, हे आम्ही तिला निःशंकपणे सांगितले. खोटा पासपोर्ट ओळखणे हे तिचे कामच आहे आणि विमानातील इतरांची सुरक्षाही त्यावर अवलंबून असते. पण तिचा प्रश्न पापाचा नव्हता, तो त्या माणसाचा होता.

तो तरुण कोण होता? कामाच्या शोधात निघालेला असेल, फसवणारा असेल किंवा जीव वाचवून पळणाराही असेल. वर ज्या अपवादाची आठवण ठेवण्यास सांगितले, तो येथे आठवावा. अमेरिकेच्या भूमीवर पाय ठेवल्यावर तो 'आसरा द्या' म्हणू शकला असता. कायद्याने त्याच्यासाठी ती एक खिडकी उघडी ठेवली होती. पण खिडकीपर्यंत पोहोचण्याची वाट जामीनदाराच्या काउंटरवरून जाते आणि तेथे आश्रयाचा अर्ज घेण्याची सोय नाही. ज्याच्या मागे राजा लागला आहे, त्याला त्याच राजाच्या कचेरीतून पासपोर्ट कसा मिळावा? बेथलेहेमहून मिसर देशी रातोरात निघालेल्या पवित्र कुटुंबाला ज्या प्राण्याने वाहून नेले असे चित्रकार दाखवितात, त्या गाढवाला कोणी दंडाची भीती घातली नव्हती, एवढाच काय तो फरक.

हा नियमच नको, असे आमचे म्हणणे नाही. घराला दार असावे आणि दाराला कडीही असावी. आमची तक्रार निराळी आहे. या व्यवस्थेत निर्णय घेणारा आणि निर्णयाचे दुःख पाहणारा एकमेकांना कधीच भेटत नाहीत. मंत्री म्हणतात, आम्ही कोणाला परत पाठविले नाही, तो आलाच नाही. कंपनी म्हणते, आम्ही कायदा केला नाही. आणि उरते ती रात्रपाळीची एक मुलगी, जिला दया दाखविण्याचा अधिकार नाही, फक्त चुकण्याची भीती आहे. धनकोला दया परवडते, जामीनदाराला ती परवडत नाही. फ्रान्सच्या कायद्यात एक सवलत आहे. आणलेल्या प्रवाशाची आश्रयाची मागणी उघडपणे निराधार नसल्याने त्याला प्रवेश मिळाला, तर कंपनीला दंड होत नाही. चांगली गोष्ट आहे. परंतु हे ठरणार प्रवासी उतरल्यावर आणि काउंटरवरच्या मुलीला निर्णय करायचा तो चढण्यापूर्वी! दया दाखवायची तर राज्यांनीच ती दाखविली पाहिजे. संकटातल्या माणसाला निघण्याआधीच जेथे आपले म्हणणे मांडता येईल, असे दार त्यांनी कोठे तरी ठेवले पाहिजे.

तोवर आपल्या हाती काय आहे? वसई, वांद्रे, गोवा येथील कितीतरी घरांतील मुले-मुली विमानतळांवर नोकरी करतात. त्यांनी नियम मोडावा असे आम्ही कधीही सांगणार नाही. मात्र नकार आणि हाकलणे यांत अंतर आहे. भारताने निर्वासितांविषयीच्या १९५१ च्या करारावर सही केलेली नाही. तरीही संयुक्त राष्ट्रांच्या निर्वासित उच्चायुक्तांचे कार्यालय दिल्लीत १९८१ पासून काम करीत आहे आणि काही देशांतून आलेल्या आश्रयार्थींची नोंद तेथे होते. आम्ही त्या मुलीला एवढेच सुचविले. आता तिच्या खणात त्या कार्यालयाचा पत्ता लिहिलेल्या चिठ्ठ्यांचा लहानसा गठ्ठा असतो. कोणाला नकार द्यावा लागला आणि त्याच्या डोळ्यांत भय दिसले, तर ती एक चिठ्ठी त्याच्या हाती देते. त्या चिठ्ठीवर कोणाच्या जामिनाची सही लागत नाही.