न्यू ऑर्लिन्सची भेंडी आणि आमच्या घरातली साखर



आमची मुलगी न्यू ऑर्लिन्सला शिकायला गेली, त्याला आता तीन वर्षे होतील. गेल्या वर्षी तिने तिकीट पाठवले आणि मी ऑगस्ट ते ऑक्टोबर तिच्याकडे राहून आले. मुंबईच्या एका दवाखान्यात तीस वर्षे आयाचे काम केलेली बाई मी. विमान जवळून पाहिले ते तेव्हाच. परत आल्यावर चाळीतल्या बायका विचारू लागल्या, ‘अमेरिकेत काय पाहिलंस?’ मी म्हटले, ‘भेंडी पाहिली.’ सगळ्या हसल्या. पण खरे तेच आहे.

त्याआधी घरातली गोष्ट सांगायला हवी. आमच्या ह्यांना बारा वर्षांपासून शुगर आहे. रेल्वेच्या कारखान्यातून निवृत्त झालेले, कष्टाने घट्ट झालेले शरीर. ‘मला काय होतंय?’ हे त्यांचे पालुपद. त्यांच्या थोरल्या भावाचा पाय घोट्यापासून कापला, तेव्हा ड्रेसिंगला मीच जात होते. तरीही दोन्ही वेळा ताटात भाताचा डोंगर लागे. डॉक्टरांनी सांगितले, भात आणि मैदा कमी करा. हे म्हणाले, ‘कालवण नुसतं प्यायचं का मग?’ हा प्रश्न डोक्यात घेऊनच मी विमानात बसले.

न्यू ऑर्लिन्स हे लुइझियाना राज्यातले शहर, मिसिसिपी नदीच्या काठी वसलेले. उकाडा आपल्या मुंबईसारखाच, अंगाला चिकटणारा. मुलगी राहते ती त्रेमे नावाची वस्ती. अमेरिकेतल्या काळ्या लोकांच्या सर्वांत जुन्या वस्त्यांपैकी ही एक. घरे लांबट आणि चिंचोळी. एका खोलीतून दुसरीत, दुसरीतून तिसरीत जायचे, मधे व्हरांडा नाही. त्यांना शॉटगन घर म्हणतात. काही घरे मधे भिंत घालून दोन बिऱ्हाडांची केलेली असतात. भिंतीपलीकडच्याला खोकला आला तरी अलीकडे कळते. मला लगेच घरच्यासारखे वाटले.

भिंतीपलीकडे एक सत्तरी ओलांडलेल्या बाई राहत. मुलगी त्यांना नावाआधी ‘मिस’ लावून हाक मारी. तिथे वडीलधाऱ्या बाईला असेच म्हणायची रीत आहे. मी आपली मावशी म्हणू लागले. त्यांनी अर्थ विचारला, सांगितल्यावर खूश झाल्या. पहिल्याच दिवशी बोलता बोलता म्हणाल्या, ‘मला शुगर आहे.’ मी मुलीकडे पाहिले. तिकडच्या काळ्या लोकांतही मधुमेहाला नुसते शुगरच म्हणतात! आजारही तसाच घरोघरी. मावशींच्या बहिणीचा पाय त्यातच गेलेला. मग आम्हा दोघींना दुभाषी फारसा लागलाच नाही.

त्यांच्याकडे मी पहिल्यांदा गंबो पाहिला. गंबो म्हणजे रस्सा म्हणा, कालवण म्हणा. कोंबडी, कोलंबी, खेकडा, डुकराच्या मांसाचे धुरावलेले सॉसेज, जे असेल ते घालून दाट केलेला. त्याचा पाया म्हणजे रू. तेलात तितकाच मैदा घालून मंद आचेवर अर्धा-पाऊण तास ढवळत राहायचे, चॉकलेटसारखा रंग येईपर्यंत. हात थांबला की करपला, आणि करपला की फेकायचा. त्यात कांदा, ढोबळी मिरची आणि सेलेरीच्या दांड्या. या तिघांना तिथे ‘पवित्र त्रिकूट’ म्हणतात. शेवटी वाडग्यात भात आणि त्यावर गंबो.

म्हणजे मैदाही आला आणि भातही आला. मी सरळ विचारले, ‘शुगर असताना हे खाता?’ मावशी म्हणाल्या, ‘सणाला चार घास. रोजचा माझा वेगळा आहे. पण तो कुणाला दाखवत नाही.’ बिनमैद्याचा गंबो करते हे शेजाऱ्यांना कळायची त्यांना लाज वाटे. मला हसू आले. आमच्याकडेही पाहुण्यांसमोर भाताशिवाय ताट वाढायचे म्हणजे घरात धान्य नाही असे दिसते.

एका रविवारी त्या आम्हाला काँगो स्क्वेअरला घेऊन गेल्या. रॅम्पार्ट रस्त्याला लागून असलेल्या लुई आर्मस्ट्राँग बागेत हे मैदान आहे. जुन्या ओक वृक्षांची सावली आणि खाली दगडी फरशी. गुलामीच्या काळात आफ्रिकेतून आणलेली माणसे रविवारी इथे जमत, ढोल वाजवत, नाचत, स्वतः पिकवलेले आणि रांधलेले विकत. १८१७ साली शहराने हुकूम काढला की गुलामांनी ठरवून दिलेल्या एकाच जागी जमावे. ती जागा हीच. जॅझ संगीताचे मूळ शोधणारे इथेच येऊन थांबतात. मी मात्र खाण्याचे मूळ शोधत होते.

मुलीने सांगितले, गंबो हा शब्दच मुळी भेंडीचा. मध्य आफ्रिकेतल्या बांटू भाषांत भेंडीला ‘किंगोम्बो’सारखे नाव आहे, त्यावरून गंबो, असे बहुतेक जाणकार मानतात. साखळदंडात आणलेल्या माणसांबरोबर भेंडीही समुद्र ओलांडून आली. मैद्याचा रू फ्रेंचांचा. लुइझियानावर आधी त्यांचे राज्य होते. आणि फिले नावाची हिरवी पूड चॉक्टॉ आदिवासींची. सॅसफ्रास झाडाची पाने वाळवून कुटायची. रस्सा दाट होतो आणि मातीसारखा, पाल्यासारखा वास येतो. भेंडीच्या हंगामात भेंडी आणि हिवाळ्यात फिले, अशी जुनी वहिवाट.

ते ऐकून मी मावशींना म्हटले, ‘मग लाज कसली? मैदा मालकाचा, भेंडी तुमची. मैदा काढला तरी गंबो उरतोच.’ त्या बराच वेळ काही बोलल्या नाहीत. मग म्हणाल्या, ‘आणि भात?’

याचे उत्तर सोपे नव्हते, कारण भातही त्यांचाच. १७१९ साली लुइझियानात गुलामांची पहिली जहाजे आली, तेव्हा भातशेती जाणणारी माणसे मुद्दाम पकडून आणली होती. दलदलीत भात कसा लावायचा हे मालकाला कुठे ठाऊक होते? ज्यांच्या अक्कलहुशारीवर भाताची कोठारे भरली, त्यांच्याच नातीला आज भात मोजून खावा लागतो. मी गप्प बसले.

मावशींनी आम्हाला ऑर्लिन्स अव्हेन्यूवरचे ‘डुकी चेज’ हे हॉटेलही दाखवले. १९४१ साली सुरू झालेले. लीया चेज या बाईने (१९२३–२०१९) ते नावारूपाला आणले. गोऱ्या-काळ्यांनी एका टेबलाशी बसून जेवणे तेव्हा कायद्याने गुन्हा होता. तरी माडीवरच्या खोलीत दोघे एकत्र बसून नागरी हक्कांच्या चळवळीचे बेत ठरवत आणि लीयाबाई त्यांना गंबो वाढत. एका पंगतीला बसण्याची किंमत काय असते, हे आपल्या वाचकांना मी काय सांगावे! २००५ च्या कतरिना वादळात बांध फुटून शहराचा सुमारे ८० टक्के भाग पाण्याखाली गेला. हे हॉटेलही बुडाले, ते २००७ मध्ये पुन्हा उघडले. २००८ साली बराक ओबामा इथे जेवायला आले आणि चव न घेताच गंबोवर तिखट सॉस ओतू लागले. लीयाबाईंनी त्यांना तिथल्या तिथे दटावले. पुढे राष्ट्राध्यक्ष झाले तरी ती गोष्ट लोक विसरले नाहीत. आम्हीही तिथे एक वाडगा तिघींत घेतला. मी चमच्याने भात बाजूला केला, मावशींनीही केला.

दुसऱ्या दिवशी त्यांनी आपल्या स्वयंपाकघरात बोलावले आणि लपवून ठेवलेला गंबो करून दाखवला. मी तो मुंबईत आल्यावर आठ-दहा वेळा केला आहे. आपल्या घरासाठी बेतून सांगते.

एक किलो कोंबडी हाडांसकट घ्यावी. मान आणि कलेजी-पेटा फेकू नये. तीन चमचे तेलात तुकडे थोडे थोडे घालून चांगले लालसर परतावेत. पातेल्याच्या तळाला जी तपकिरी खरवड धरते, तीच रूची जागा घेते, म्हणून घाई नको. तुकडे काढून त्याच तेलात अर्धा किलो भेंडी चकत्या करून घालावी. धुऊन पूर्ण कोरडी केलेली हवी. झाकण ठेवू नये. वीस मिनिटे तरी परतावी; तार सुटायची थांबते, कडा काळपट होतात. मग दोन कांदे, दोन ढोबळी मिरच्या आणि सेलेरीच्या तीन दांड्या बारीक चिरून. सेलेरी महाग पडते. मी कोथिंबिरीच्या जाड काड्या घालते. आठ लसूण पाकळ्या, दोन टोमॅटो, तमालपत्र, मिरपूड, लाल तिखट. तिकडे थाईम नावाचा पाला घालतात. आपल्याकडे चिमूटभर ओवा चोळून टाकावा; दोन्हींचा वास एकाच द्रव्याचा आहे. सहा कप पाणी आणि कोंबडी घालून मंद आचेवर तासभर. सॉसेज मी घालत नाही. त्याऐवजी निखाऱ्यावर तेलाचा थेंब सोडून धुरी देते, आणि मूठभर सुकट भाजून टाकते. ही भर माझी असे वाटले होते, पण मावशी म्हणाल्या की सुकवलेली कोलंबी तिथेही गंबोत पडते! फिले असेल तर गॅस बंद केल्यावर चमचाभर. उकळले तर त्याचे धागे होतात. भेंडी आणि फिले दोन्ही घालणे जुन्या बायकांना पटत नाही. मैदा नाही म्हणून मावशी तेवढी सूट देतात.

भाताऐवजी फ्लॉवर किसून, मीठ घालून पाच मिनिटे कोरडा परतायचा. एक कप शिजलेल्या भातात सुमारे ४५ ग्रॅम कर्बोदके असतात. १०० ग्रॅम फ्लॉवरमध्ये ५ आणि तितक्याच भेंडीत ७, त्यातलेही ३ ग्रॅम तंतू. पण भगिनींनो, एक गोष्ट ध्यानात ठेवा. घरच्या माणसाला शुगरच्या गोळ्या किंवा इन्शुलिन चालू असेल, तर भात-भाकरी एकदम बंद करू नका. साखर फार खाली गेली तर घाम सुटतो, हात थरथरतात, शुद्धही हरपते. दवाखान्यात मी अशी माणसे पाहिली आहेत. आधी डॉक्टरांना सांगा, औषध त्यांना ठरवू द्या. आम्ही तसेच केले. एक गोळी अर्धी झाली.

पहिल्या दिवशी ह्यांनी वाडग्यात डोकावून पाहिले. ‘भेंडी आणि कोंबडी एकत्र? कुणी शिकवलं हे?’ मी काँगो स्क्वेअरपासून सुरुवात केली. लीयाबाईंच्या माडीपर्यंत येईतो वाडगा रिकामा झाला होता. दुसऱ्यांदा मागताना म्हणाले, ‘दोन घास भात दे बाजूला.’ मी दोन चमचे वाढले. मोजून.

रविवारी मुलीने फोन मावशींच्या हातात दिला. त्यांनी आधी ह्यांची शुगर विचारली, मग मला म्हणाल्या, ‘खरं सांग, भात दिलास की नाही?’